काउंटरच्या अलीकडे

सकाळी सातला नासिमियू आली,
केसांत दोऱ्याची तुसं, पायांत दोन वेगळ्या चपला.
"चोरी," म्हणाली, "लिहा."
कितालेच्या थंडीत शाई काही गोठत नाही,
तरी मी पेन झटकत राहिलो.

काय गेलं?
शिलाई मशीन. काळं, सोनेरी वेलबुट्टीचं.
कुणी नेलं?
चेबेटनं.
कुठून?
आमच्या दुकानातून.
आमच्या म्हणजे?
इथं ती थांबली.

मग पावती काढली. चार घड्यांची,
घडीघडीवर विरलेली,
एकाच शाईत दोघींची नावं, मध्ये 'आणि'.
अकरा वर्षं एकीनं कापलं, एकीनं शिवलं,
अर्ध्या गावाची पोरं त्या गणवेशांत मोठी झाली.
त्या 'आणि'ला
मी बेडी कुठल्या बाजूनं घालू?

"हा दिवाणी मामला आहे, बाई."
हे वाक्य मी इतक्यांदा म्हटलंय
की झोपेतही म्हणतो, असं बायको सांगते.
सरकलेल्या कुंपणाला म्हटलंय,
भावाच्या शेतात अंडी घालणाऱ्या कोंबडीलासुद्धा.

"तुमच्याकडे जीप आहे."
आहे. डिझेल नाही, ते सोडा.
"बंदूक आहे."
आहे.
"मग काही करू नका. बोलूही नका.
नुसते तिच्या दारात उभे राहा,
टोपी घालून."

नेमकं तेवढंच मला करता येत नाही.

तिनं काउंटरवरून एक नोट सरकवली,
पावतीसारखीच चार घड्यांची.
"चहासाठी."
मी ती बोटानं परत सरकवली.
प्रामाणिक आहे म्हणून नाही.
मला एक टोपी आठवली.

मी नऊ वर्षांचा होतो. मक्याच्या दोन पोत्यांचं देणं,
आणि आमच्या दारात असाच एक माणूस
काही न बोलता उभा राहिला होता.
बाबा तीन रात्री आत होते.
गुन्हा कुठला, हे कुठल्याच वहीत नव्हतं.
चौथ्या दिवशी आईनं गाय विकली.
वसुली चोख झाली.
सावकारानं हवालदाराला साखर पाठवली.
बाबा घरी आले ते मागच्या दारानं,
आणि पुढं कायम मागच्याच दारानं येत राहिले.

हे तिला सांगितलं नाही.
सांगितलं ते एवढंच: कोर्ट बँकेच्या मागे, हिरवा दरवाजा,
लहान दाव्यांची खिडकी दुसरी, पावतीची प्रत काढून न्या.
शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात,
आणि मी हिला पायऱ्या मोजून देत होतो.

"मी तिला एक थोबाडीत दिली असती तर?"
तर मी आलो असतो.
"लगेच?"
लगेच. चालत का होईना.
ती हसली. मला ते हसू
दिवसभर काउंटरवर सांडलेलं दिसत राहिलं.
हात उचलला की कायदा धावतो.
हात सोडला, तर
त्याला ऐकूसुद्धा येत नाही.

दुपारी चेबेट आली.
"चोरी," म्हणाली, "लिहा."
मशीन तिच्या घरी आहे, चादरीखाली,
पण बॉबिनची डबी नाही.
ती नासिमियूच्या पर्समध्ये असणार,
दुसरीकडे कुठे असणार?
अकरा वर्षं रात्री तिथंच तर असायची.

मी वही उघडली. वेळ लिहिली, नाव लिहिलं,
पुढं लिहिलं: सल्ला दिला.
सकाळच्या ओळीतही तेच होतं.
दोन्ही ओळी एकमेकींच्या इतक्या जवळ
की वाळू कागद लावूनही वेगळ्या झाल्या नसत्या.

जाताना तिनं माझ्या पँटकडे पाहिलं.
निळ्या गणवेशाची मांडीवरची शिवण उसवलीय,
महिना झाला, पिन लावून चालवतोय.
कापलेली नासिमियूनं, शिवलेली हिनं.
"आणून द्या," ती सवयीनं म्हणाली,
आणि मग दोघंही गप्प झालो.